स्मृतीची वास्तू : कुडा लेणी ते आपल्या वस्तीतील विहार



घर राहण्यासाठी बांधतात, कोठार धान्यासाठी बांधतात. स्तूपात मात्र कोणी राहत नाही व काही साठवीतही नाही. प्राचीन स्तूप आतून भरीव असतो. तो केवळ आठवण राहावी म्हणून बांधला जातो, आणि ती आठवणही एकट्या माणसाची नव्हे, तर संघाची, समाजाची. म्हणून बौद्ध वास्तुकलेचा अभ्यास करताना "येथे कोणाची आठवण ठेवली आहे आणि ती कोणी ठेवली?" हा प्रश्न आम्ही प्रथम विचारतो.

भगवान बुद्धांच्या महापरिनिर्वाणानंतर त्यांच्या अस्थींचे आठ वाटे झाले व त्यांवर स्तूप उभे राहिले, ही परंपरा आपणांस माहीत आहे. स्तूपाची अंगे परीक्षेपुरती तरी पाठ असावीत : खालचा गोल चौथरा म्हणजे मेधी, त्यावर अर्धगोल अंड, अंडावर चौकोनी हर्मिका आणि सर्वांत वर छत्र. सभोवती प्रदक्षिणापथ. हा प्रदक्षिणापथ आम्हांस सर्वांत महत्त्वाचा वाटतो. स्तूप नुसता पाहायचा नसतो, त्याच्याभोवती चालायचे असते. अनेक पावले एकाच वाटेने फिरली म्हणजे आठवण सर्वांची होते.

याचे उत्तम उदाहरण आपल्याच जिल्ह्यात आहे. रोह्याच्या दक्षिणेस, आजच्या तळा तालुक्यात, राजपुरीच्या खाडीकडे पाहणाऱ्या डोंगरात कुडा लेणी आहेत. ही सव्वीस लेणी मुख्यतः सातवाहनकाळातील. त्यांतील ब्राह्मी लेख वाचले म्हणजे त्या काळचा समाज समोर उभा राहतो. महाभोज मांदव खंदपालित याच्या पदरी असलेला शिवभूती हा लेखक, म्हणजे आजच्या भाषेत कारकून. त्याने आपली पत्नी नंदा हिच्यासह लेणे दिले. त्याचा धाकटा भाऊ शिवम याने पत्नी विजया व मुलांसह त्याच लेण्यातील कोरीव काम करविले, आणि खांब दिले ते मुलींनी! दुसऱ्या लेखांत वैद्य आहे, माळी आहे, कऱ्हाडचा लोखंडाचा व्यापारी आहे. राजाने सर्व खर्च करून आपलेच नाव कोरले असते, तर हे लोक आपणांस कधी भेटले नसते. सहाव्या लेण्यात पुढे काही शतकांनी बुद्धमूर्ती कोरल्या गेल्या. म्हणजे एका पिढीने सुरू केलेले काम दुसरीने आपले मानले.

घाट चढून भाजे येथे गेल्यास चौदा स्तूपांचा समूह दिसतो. त्यांतील काहींवर तेथील स्थविरांची नावे आहेत : अंपिनिक, धम्मगिरी, संघदिन. दिवंगत गुरूंचे स्मरण इतक्या साधेपणाने क्वचितच कोणी केले असेल.

आता जवळच्या काळाकडे येऊ. महाडच्या चवदार तळ्यावर २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी व हजारो अनुयायांनी पाणी प्राशन केले. तळे आधीपासूनच होते. त्या कृतीमुळे आणि पुढे दरवर्षी जमणाऱ्या लोकांमुळे ते स्मारक झाले. दादरच्या चैत्यभूमीचा स्तूप १९७१ साली खुला झाला. नागपूरच्या दीक्षाभूमीवरील स्तूपाचे आराखडे वास्तुविशारद शिवदानमल यांनी केले व १८ डिसेंबर २००१ रोजी त्याचे उद्घाटन झाले. तो सांचीचे रूप घेतो, पण भरीव नाही, पोकळ आहे. लोकांनी आत जमावे म्हणून ही पोकळी. जुन्या शैलीत आपल्या काळाने केलेला हा मोठाच बदल होय.

आमच्या पेण-रोहा भागातील वस्त्यांमध्ये विहार बांधताना काय होते? सिमेंटच्या स्लॅबवर शोभेचा लहानसा घुमट बसतो, भोवती फिरण्यास जागा उरत नाही, आणि दर्शनी भिंतीवर निधी देणाऱ्या पुढाऱ्याचे नाव सर्वांत मोठ्या अक्षरांत येते. निधी घेण्यास आमचा विरोध नाही. स्लॅबला पैसे लागतातच. पण ज्या बायांनी रेतीची घमेली वाहिली, ज्या गवंड्याने दोन रविवार मजुरी घेतली नाही, ज्या चाकरमान्याने मुंबईहून पगारातून पैसे पाठविले, त्यांचे नाव कोठे आहे? दोन हजार वर्षांपूर्वीच्या माळ्याचे नाव आपण वाचू शकतो, आणि आपल्याच आजीचे नाव विहाराच्या भिंतीवर नाही, ही गोष्ट आम्हांस खटकते.

विद्यार्थ्यांनी यंदाच्या वर्षावासात एक काम हाती घ्यावे. आपल्या वस्तीतील विहार कोणत्या साली बांधला, जागा कोणी दिली, दगड-विटा कोणी वाहिल्या, हे वडीलधाऱ्यांना विचारून वहीत उतरवावे. स्त्रियांची नावे "अमक्याची पत्नी" अशी न लिहिता त्यांच्या स्वतःच्या नावाने लिहावीत. कुड्याच्या लेखात नंदा आणि विजया आहेतच. वहीच्या दोन प्रती कराव्यात, एक विहारात व एक मंडळाच्या दप्तरी. पुढे पाटी लावायची ठरल्यास रंगाने लिहू नये, कोकणचा पाऊस तो फार दिवस ठेवत नाही. काळ्या दगडात, सर्वांची अक्षरे एकाच आकाराची कोरून घ्यावीत, आणि खाली नंतरच्या नावांसाठी जागा मोकळी सोडावी.