आकडा वाचण्यापूर्वी त्याचे माप ओळखावे

बुलढाणा जिल्ह्यातील पुष्कळ शेतकरी कुटुंबांत दोन-तीन पिढ्यांचे कागद एकाच पेटीत ठेवलेले असतात. आजोबांच्या वाटणीपत्रात एकर, गुंठे, आणे व पै असतात. जुन्या हिशेबवहीत मण व शेर असतात. आणि आजच्या सातबारावर हेक्टर व आर असतात. अंक सर्वत्र तेच दहा. परंतु त्यांची मोजणी निरनिराळी आहे. एका पद्धतीचा आकडा दुसऱ्या पद्धतीने वाचला गेल्यास जमिनीच्या वाटणीत, बियाण्यात व बाजारातील हिशेबात प्रत्यक्ष नुकसान होते. म्हणून ग्रामसेवकांनी व शेतकरी बंधूंनी पुढील बाबी नीट समजून घ्याव्यात.

१. एकर व गुंठे
एका एकराचे ४० गुंठे होतात. जुन्या कागदावर ‘५-२०’ असे लिहिलेले असेल, तर त्याचा अर्थ ५ एकर २० गुंठे, म्हणजे साडेपाच एकर असा होतो. हाच आकडा ‘५.२०’ असा दशांशात उतरविला, तर तो पाच एकर आठ गुंठेच ठरतो आणि बारा गुंठे जमीन केवळ लेखणीच्या चुकीने नाहीशी होते. हेक्टरचे मात्र १०० आर होतात; त्यामुळे ‘२.२०’ हेक्टर म्हणजे २ हेक्टर २० आर हे वाचन बरोबर आहे. एक गुंठा म्हणजे सुमारे १.०१ आर, एक एकर म्हणजे ४०.४७ आर आणि एक हेक्टर म्हणजे सुमारे २ एकर १९ गुंठे, हे कोष्टक पाठ असावे. यावरून साडेपाच एकर, म्हणजे २२० गुंठे जमिनीचे २ हेक्टर २२.६ आर होतात.

२. आणे व पै यांतील हिस्सा
पूर्वी संपूर्ण जमीन एक रुपया मानून हिस्से आण्यांत लिहीत. रुपयाचे १६ आणे, आण्याच्या १२ पै. म्हणजे रुपयाच्या १९२ पै होत. या संख्येला तिनाने पूर्ण भाग जातो. म्हणून तीन भावांचा हिस्सा प्रत्येकी ५ आणे ४ पै असा बिनचूक लिहिता येई. शंभर पैशांच्या रुपयात तोच हिस्सा ३३.३३ होतो व थोडा शेष उरतो. दशमान नाणी १ एप्रिल १९५७ पासून सुरू झाली; तत्पूर्वीच्या कागदातील आणे हे सोळांपैकीच समजावेत. वरील जमिनीत ५ आणे ४ पै हिस्सा म्हणजे ७४.२ आर, अर्थात १ एकर ३३ गुंठ्यांहून किंचित अधिक.

३. उभ्या रेघा
जुन्या मराठी लेखनात अंकापुढील एक उभी रेघ म्हणजे पाव, दोन रेघा म्हणजे अर्धा व तीन रेघा म्हणजे पाऊण. ‘५।’ म्हणजे सव्वापाच, ‘५॥’ म्हणजे साडेपाच आणि ‘५॥।’ म्हणजे पावणेसहा. नव्या वाचकास ही रेघ एकाच्या अंकासारखी वाटते व सव्वापाचाचे एकावन्न होतात. ज्यांनी शाळेत पावकी, निमकी, पाउणकी पाठ केली, अशा वृद्धांकडून ही खूण समजून घ्यावी. कागद मोडी लिपीत असल्यास अंदाजाने वाचू नये. मोडी जाणणाऱ्याकडून वाचून घ्यावा.

४. वजन व भाव
सरकारी मण ४० शेरांचा, म्हणजे ३७.३२ किलोग्रॅमचा होता. क्विंटल १०० किलोग्रॅमचा आहे. १९५६ च्या कायद्यानंतर मेट्रिक वजने टप्प्याटप्प्याने लागू झाली. तथापि कापसाच्या व्यापारात रुईचा भाव आजही खंडीवर सांगितला जातो व ही खंडी सुमारे ३५६ किलोग्रॅमची असते. खामगाव किंवा मलकापूरच्या बाजारात कापूस नेणाऱ्याने हा भेद ध्यानात ठेवावा. खंडीचा भाव रुईचा, क्विंटलचा भाव सरकीसह कापसाचा. वजन वेगळे व मालही वेगळा. म्हणून या दोन भावांची सरळ तुलना करू नये.

५. शिफारस व पेरणी
कृषी शिफारशी बहुधा हेक्टरी असतात. शेतकरी मात्र एकराने पेरतो. सोयाबीनचे बियाणे हेक्टरी ७५ किलो सांगितले, तर एकरी ते सुमारे ३० किलो होते. हेक्टरचा आकडा एकराला लावल्यास बियाणे अडीचपट पडते, खर्च वाढतो व दाटीमुळे पीक लोळते. वरील ७४.२ आर हिश्शास सुमारे ५६ किलो बियाणे पुरेल.

६. अंकांचे वळण व सन
देवनागरी एक हा इंग्रजी नऊसारखा व देवनागरी चार हा इंग्रजी आठसारखा दिसतो. बँकेचा खाते क्रमांक किंवा गट क्रमांक लिहिताना दोन्ही वळणांची सरमिसळ करू नये. संपूर्ण क्रमांक एकाच वळणात लिहावा व मोठ्याने वाचून ताडून पाहावा. सनाबाबतही तीच दक्षता घ्यावी. शके सनात ७८ मिळविले असता इसवी सन निघतो. १ जानेवारीपासून फाल्गुनाच्या अखेरीपर्यंत मात्र ७९ मिळवावे लागतात. दख्खनी फसली सनात ५९० मिळवावेत. शके १८७० म्हणजे १९४८-४९ होय.

ग्रामसेवकांनी काय करावे
जुन्या कागदातील आकडा नव्या कागदावर घेताना प्रथम मूळ आकडा जसाच्या तसा लिहावा, त्यापुढे मापाचे नाव लिहावे आणि नंतर रूपांतर करावे. ‘५-२०’ एवढेच न लिहिता ‘५ एकर २० गुंठे’ असे लिहावे. हिशेब उलट करूनही पडताळावा. मूळ कागद टाकून देऊ नये. शंका राहिल्यास शेतकऱ्याची सही घेण्यापूर्वीच महसूल कार्यालयातील नोंदीशी मेळ घालावा.

वाटणी एकदाच होते; तिचे परिणाम मात्र मुले-नातवंडे भोगतात. आकड्याशेजारी मापाचे नाव लिहिण्यास क्षणभर लागतो. ते न लिहिल्याने भावाभावांत उभा राहिलेला वाद मिटण्यास अनेक वर्षे लागतात.