साल फेकू नकोस

नागपूर,
फेब्रुवारीअखेर

चि. मुक्तास,


तुझं पत्र मिळालं, सोबतची बाटलीही न फुटता पोचली. मी बूच काढलं आणि तुझ्या मामीनं निमूट खिडकी उघडली, यातच सगळं आलं. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी, चांगलं महागाचं बदामतेल, आठवडाभराचं ऊन, आणि हाती काय तर आंबूस तेल नि तळाशी गढूळ पाणी. कृतीत तुझं काही चुकलेलं नाही. स्ट्रॉबेरीऐवजी हापूस किंवा अननस घातला असतास तरी हेच झालं असतं. म्हणून दुसऱ्या फळावर पैसे घालण्याआधी हे पत्र नीट वाच.

सगळी नोकरी सुगंधी द्रव्यांच्या कारखान्यात काढली म्हणून सांगतो, फळाच्या गरातून सुगंधी तेल निघत नाही. वाळ्याच्या मुळीतून निघतं, चंदनाच्या गाभ्यातून निघतं, गुलाबातून थोडंसं का होईना निघतं. स्ट्रॉबेरीत शंभरातले नव्वद भाग पाणी. तिला वास येतो तो ज्या द्रव्यांमुळे, ती दहा लाखांत थोडेसे भाग इतकीच असतात. त्यातली काही एस्टर जातीची, हवा लागली की उडणारी. आणि तो साखर पाकात येताना सुटतो तसा गोडसर वास असतो ना, तो फ्युरॅनिओल नावाच्या द्रव्याचा. ते पाण्यात चांगलं विरघळतं. म्हणजे उडणारं होतं ते उन्हानं नेलं, विरघळणारं बरंचसं तळच्या पाण्यात गेलं. तेलाच्या वाट्याला आली ती ओल, आणि ओलीबरोबर साखर आली की आंबणं आणि बुरशी ठरलेलीच. शिवाय पिकणारं फळ आपला वास घडवत असतं. चिरून तेलात बुडवलं की ते काम थांबलं. उकळून पाहशील तर मुरंब्याचा वास येईल, फळाचा नाही.

मग बाजारात आंब्याच्या, केळ्याच्या, स्ट्रॉबेरीच्या वासाची तेलं मिळतात ती कुठून येतात? ती जुळवलेली असतात. पिकल्या केळ्याचा वास मुख्यतः आयसोअमाइल अ‍ॅसिटेटचा. कॉलेजच्या प्रयोगशाळेत आयसोअमाइल अल्कोहोल आणि अ‍ॅसेटिक आम्ल, थोडं सल्फ्युरिक आम्ल घालून, मुलं ते करतातच. तू ते घरी करायचं नाहीस, हे लिहायला लागू नये पण लिहितो. (गंमत म्हणजे मधमाशी डंख मारते तेव्हा बाकीच्यांना बोलावण्यासाठी जे द्रव्य सोडते, त्यातही हेच असतं. केळ्याचं अत्तर लावून कुणी पोळ्याजवळ जाऊ नये.) अननसाच्या वासात एथिल ब्युटिरेट असतं. पीच फळाचा वास एका लॅक्टोनवर उभा करता येतो. हापूस मात्र सहज सापडणारा नाही. तुमच्या पुण्यातच, पाषाणच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत, त्याच्या वासावर बरंच काम झालं आहे. कैरीपणापासून त्यात ओसिमीनसारखी टर्पीन असतात, त्यांचा हिरवा, पाल्याचा वास. पिकताना त्यांच्यावर लॅक्टोन आणि फ्युरॅनिओलची मंडळी चढतात. एका द्रव्यानं हापूस होत नाही. स्वस्त तेलांमधला आंबा आपल्याला टॉफीचा वाटतो तो यामुळेच.

जुळवलेला वास म्हणजे लबाडी, असं माझं मत मुळीच नाही. चांगला परफ्युमर दहा-वीस द्रव्यांतून आंबा उभा करतो तेव्हा ती कलाच असते. पण ती घरच्या ओट्यावर होणारी गोष्ट नाही. ते तेल तुला विकत घ्यावं लागेल, आणि घेताना ते त्वचेला चालणारं आहे का, किती टक्क्यांपर्यंत चालतं, याचा कागद मागून घ्यावा लागेल. कागद नाही म्हणाला तर दुकान बदल. केकमध्ये घालायचा इसेन्स मात्र तेलात ओतू नकोस. तो बहुधा प्रॉपिलीन ग्लायकॉलमध्ये केलेला असतो, तेलात मिसळत नाही. थेंब होऊन खाली बसतो आणि बाटली हलवली की दूध झाल्यासारखं दिसतं, तेवढंच.

आता घरी खरोखर काय करता येईल ते. निसर्गानं एकाच घराण्याला फळावरच तेलाच्या पिशव्या दिल्या आहेत: संत्रं, मोसंबी, लिंबू, ईडलिंबू, पपनीस, महाळुंग. तेल असतं ते सालीच्या वरच्या रंगीत थरात. आतल्या पांढऱ्या अस्तरात काही नाही, नुसता कडवटपणा. विश्वास बसत नसेल तर संत्र्याची ताजी साल रंगीत बाजू बाहेर ठेवून थर्माकोलच्या तुकड्यावर दाब. बारीक तुषार उडतात, आणि जिथे पडतात तिथे पांढरा पृष्ठभाग विरघळून खड्डे पडतात, कुणी सुईनं टोचावं तसे. ते करतं लिमोनिन. संत्र्याच्या तेलात शंभरातले नव्वदहून अधिक भाग तेच असतं. म्हणून तू जमवलेल्या त्या प्लास्टिकच्या गोंडस बाटल्या या कामाला नकोत. काचेच्या, गडद तपकिरी, घट्ट झाकणाच्या घे. आणि मेणबत्तीजवळ तीच साल पिळलीस तर तुषार भुर्र पेटतात. लहानपणी आपल्याकडे हा खेळ व्हायचा, पण तो तुझ्यासाठी इशारा आहे: या तेलाचं काम गॅसच्या ज्योतीवर करायचं नाही, इंडक्शनवर करायचं आणि खिडकी उघडी ठेवायची.

दिवस नेमके जुळून आलेत. वरुड-मोर्शीकडून मृग बहाराचा माल आत्ता येतोय, तो मार्च-एप्रिलपर्यंत चालेल. नागपुरी संत्र्याला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं ते त्याच्या चवीमुळे, पण मला विचारशील तर तुझ्या कामाला त्याची सैल सालच मोलाची. नखानं ओढली की अखंड निघते, पांढरं अस्तर फारसं चिकटून येत नाही. मी ओळखीच्या बागेतून एक पेटी तुझ्याकडे पाठवतो आहे. चकचकीत मेण लावलेली बाजारातली फळं घेऊ नकोस. कुठलीही असोत, कोमट पाण्यानं चोळून धू.

सालीचे बोटभर तुकडे कर. मोठं स्टीलचं पातेलं घे, तळाशी चार बोटं पाणी, त्यात तुकडे. मधोमध एक उंच तिवई, तिच्यावर काचेची वाटी, पाण्याला टेकणार नाही अशी. पातेल्यावर झाकण उलटं ठेव, म्हणजे त्याची मूठ बरोबर वाटीच्या डोक्यावर येईल. झाकणाच्या खोलगट बाजूत बर्फ. मंद आच ठेव. वाफ वर जाते, थंड झाकणाला लागून पाणी होते, मुठीवरून वाटीत ठिबकते, आणि सालीतलं तेल तिच्याबरोबर येतं. कनौजचे अत्तरवाले तांब्याच्या देगेतून हीच वाफ बांबूच्या नळीनं भपका नावाच्या भांड्यात नेतात. तिथे ती खाली ठेवलेल्या चंदनतेलात मुरते. आपलं पातेलं त्या घराण्यातलंच, गरीब. तासाभरानं बघ. बर्फ वितळला की पाणी काढून नवा घाल. पातेलं कोरडं पडू देऊ नकोस, साल करपली की सगळ्या तेलाला जळका वास लागतो. कुकरच्या शिटीला नळी जोडण्याचा जो उद्योग तू लिहिला आहेस तो विसर. सालीचा चोथा त्या नळीत अडकला तर काय होईल, हे मला कल्पनेतही पाहायचं नाही.

वाटीत पाणी असेल आणि त्यावर तेलाचा पातळ तवंग. तो काढण्याची सोपी युक्ती सांगतो. वाटी झाकून फ्रीझरमध्ये ठेव. पाणी गोठेल, तेल वर पातळच राहील, ते अलगद ओतून घे. किलोभर सालीतून घरच्या पातेल्यावर चमचाभर निघालं तरी खूप झालं. कमी वाटेल, पण तेलात टाकायचं ते शंभरात एक भाग. खाली राहिलेला बर्फ वितळवून फ्रीजमध्ये ठेव. त्या पाण्याला संत्र्याचा मंद वास असतो, चार-पाच दिवस टिकतं; तेवढ्यात उटणं भिजवायला वापर.

साल वाळवून तेलात मुरवायची ही दुसरी वाट. आपल्या आजी लोकांची आहे, वाईट नाही, पण तिच्याकडून फार अपेक्षा ठेवू नये. वाळताना वास बराचसा जातो आणि ओलसर राहिली तर तुझ्या स्ट्रॉबेरीची गत. सावलीत, कडकन मोडेपर्यंत वाळव. निम्मी तेलात मुरव, निम्मी कुटून उटण्यात घाल.

लिंबाच्या बाबतीत मात्र माझं ऐकच. सालीतून नुसतं पिळून काढलेल्या लिंबाच्या तेलात काही द्रव्यं अशी असतात की ती त्वचेवर असताना ऊन लागलं तर कातडी भाजल्यासारखी होते, फोड येतात, काळपट डाग महिनोन् महिने राहतात. परदेशी पुस्तकांतली प्रमाणं पिवळ्या मोठ्या लिंबाची असतात. आपलं कागदी लिंबू त्या जातीचं नाही, ते हिरव्या लाइमचं भावंड आहे आणि त्याचं पिळीव तेल अधिक कडक. सुगंध उद्योगाच्या आंतरराष्ट्रीय नियमांत अंगावर राहणाऱ्या वस्तूत त्याला ०.७ टक्क्यांहून जास्त जागा नाही. वाफेनं काढलेल्या तेलात ही द्रव्यं येत नाहीत, ती जड असल्यानं मागे पातेल्यात राहतात. म्हणून लिंबू करायचंच असेल तर पातेल्यातून, आणि तरीही ते तेल लावून उन्हात फिरू नये असं बाटलीवर लिहायचं.

आता मिश्रण. संत्र्याचा वास धावतो. तासाभरात गेला की गेला. त्याला धरून ठेवायला खाली काहीतरी जड लागतं. नागरमोथा चालतो, पण माझी आवड वाळ्याची. वाळ्याचं तेल घट्ट, चिवट, मातीच्या वासाचं. संत्र्याच्या दहा थेंबांना एक थेंब बस. तेवढ्यानं संत्र्यातला कच्चेपणा जातो आणि वास संध्याकाळपर्यंत रेंगाळतो. शंभर ग्रॅम मूळ तेलाला हे मिश्रण एक ग्रॅम, आणि थेंब मोजण्यापेक्षा सोनाराकडे असतो तसा छोटा काटा घे. थेंबाचा आकार प्रत्येक ड्रॉपरचा वेगळा. मूळ तेल म्हणून घाण्याचं तीळतेल नको, त्याचा स्वतःचा वास संत्र्याला बोलू देत नाही. खोबरेल हिवाळ्यात गोठतं. तू आणलेलं बदामतेल उत्तम. मिसळून दोन आठवडे अंधारात ठेव, मगच हुंग. पहिल्या दिवशी केलेलं मत बहुधा बदलावं लागतं.

दुसऱ्या कुणाच्या अंगाला लावण्याआधी कोपराच्या आत थेंबभर लावून दोन दिवस थांब. आणि जुनं तेल वापरू नको. लिमोनिनला हवा लागत राहिली की त्याचं रूप बदलतं आणि त्या बदललेल्या रूपाची अ‍ॅलर्जी अनेकांना होते. वास टर्पेंटाइनकडे झुकला की ओळखावं. बाटल्या लहान घे, गळ्यापर्यंत भर, फ्रीजमध्ये ठेव. आत्ता काढलेलं तेल दिवाळीपर्यंत नीट राहील ते असंच.

दिवाळीत अभ्यंगाचं तेल आणि उटणं करून विकायचं म्हणतेस, ते मला आवडलं. पण घरात भेट देणं वेगळं आणि विकणं वेगळं. सौंदर्यप्रसाधन बनवून विकायला २०२० च्या नियमांप्रमाणे परवाना लागतो, तो राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाकडून. घरच्या ओट्याला तो मिळणार नाही. परवाना असलेल्या कारखान्यातून आपल्या नावानं माल करून घेता येतो, त्याची चौकशी आत्तापासून कर. दिवाळीच्या तोंडावर कुणाला वेळ नसतो. आणि लेबल लिहिताना हात आखडू नकोस. वास संत्र्याच्या सालीचा असेल तर ‘संत्र्याच्या सालीचं तेल’ असं लिही. आंब्याचा वास विकत आणून घातला असशील तर ‘आंब्याचा सुगंध, जुळवलेला’ असं स्पष्ट लिही, फळाचं चित्र मोठं आणि ही ओळ बारीक, असं नको. ‘शंभर टक्के हापूस अर्क’ हे शब्द माझ्या भाचीच्या बाटलीवर दिसले तर मी ती बाटली दुकानातून विकत घेऊन तुझ्या आईकडे पाठवीन.

पेटी सोमवारी निघेल. वरच्या थरातली फळं पिकलेली आहेत, ती आधी खा. खालच्यांची साल थोडी टणक असेल, तेल काढायला ती घे. पातेलं ताईचं घेऊ नकोस, नवं आण. संत्र्याचा वास स्टीललाही बरेच दिवस सोडत नाही आणि मग तिच्या आमटीवरून मला फोन येईल. पहिल्या खेपेचं तेल निघालं की रंग, वास, किती निघालं ते कळव, आणि वाळा पुण्यात चांगला मिळाला नाही तर तसं सांग, इथून पाठवतो.

तुझा,
मामा