फुललेले सारणयुक्त आम्लेट : घरगुती कृती व तिच्यामागील शास्त्र

आम्लेट हा शब्द मूळचा फ्रेंच. पातळ पाते अथवा पत्रा या अर्थाच्या शब्दापासून तो निर्माण झाला, असे व्युत्पत्तिकार सांगतात. चपटेपणा या पदार्थाच्या नावातच आहे आणि आपल्याकडील 'अंड्याची पोळी' हे नावही तेच सांगते. असे असता प्रस्तुत लेखात ज्याची कृती द्यावयाची आहे ते आम्लेट चांगले दोन बोटे उंच फुगणारे, पोटात सारण घेऊन दुमडलेले व चमच्याने सहज तुटणारे आहे. नावाशी त्याचे जमत नाही, परंतु ज्या गरजेतून ते आमच्या घरी शिरले त्या गरजेशी मात्र ते नेमके जमले.

हैदराबाद येथील राष्ट्रीय पोषण संस्थेने माणशी वर्षाला १८० अंड्यांची शिफारस केलेली आहे. २०२३-२४ च्या शासकीय आकडेवारीनुसार देशात माणशी उपलब्धता सुमारे १०३ अंड्यांची होती. प्रचार खात्यात नोकरी करणाऱ्याच्या लेखणीतून असे आकडे पुष्कळदा उतरतात. मात्र 'अंडी खा' हा उपदेश आणि प्रत्यक्ष अंडे घशाखाली उतरणे यांतील अंतर प्रस्तुत लेखकास वडिलांच्या दुखण्यात कळले. दीर्घ ज्वरानंतर त्यांचे वजन बरेच उतरले होते, कवळी सैल झाली होती आणि डॉक्टरांनी रोज दोन अंडी देण्यास सांगितले होते. उकडलेल्या अंड्याचा बलक कोरडा असल्याने त्यांच्या घशाशी अडके. तव्यावरची नेहमीची पोळी कडेला चिवट होई व ती चावणे त्यांना जमत नसे. तीन दिवस बशी जशीच्या तशी परत आली.

अंडे दुधात कच्चेच घालून द्यावे, असा सल्ला तालमीत गेलेल्या एका शेजाऱ्यांनी दिला. हा समज आपल्याकडे फार खोलवर रुजलेला आहे व तो चुकीचा आहे, हे येथेच नोंदविणे अगत्याचे वाटते. १९९८ साली बेल्जियममधील संशोधकांनी प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात शिजवलेल्या अंड्यातील सुमारे ९१ टक्के प्रथिने पचली, तर कच्च्या अंड्यातील केवळ ५१ टक्क्यांच्या आसपास पचली, असे आढळून आले. शिवाय कच्च्या अंड्यातून साल्मोनेला जातीच्या जंतूंचा संसर्ग होण्याचा धोका असतो. अशक्त वृद्ध, लहान मुले व गर्भवती स्त्रिया यांच्या बाबतीत तो पत्करणे योग्य नव्हे. तेव्हा अंडे पूर्ण शिजलेले, तरीही मऊ, असे हवे होते. फुललेल्या आम्लेटाकडे आम्ही वळलो ते या विचाराने. एरवी हा पदार्थ हौसेचा म्हणूनच ओळखला जातो.

या प्रकाराची कीर्ती फ्रान्समध्ये नॉर्मंडीच्या किनाऱ्यावरील मों-सें-मिशेल या ठिकाणाशी निगडित आहे. तेथे आनेत पुलार या बाईंनी १८८८ साली खाणावळ काढली. भरती-ओहोटीच्या वेळा सांभाळून येणाऱ्या यात्रेकरूंना केव्हाही काही गरम वाढता यावे म्हणून त्या अंडी जोराने फेटून, लांब दांड्याच्या तव्यात, लाकडाच्या जाळावर फुगीर आम्लेट करीत. तांब्याच्या भांड्यांत अंडी फेटण्याचा तालबद्ध आवाज हा त्या खाणावळीचा आजही विशेष मानला जातो. त्यांच्या कृतीतील रहस्याविषयी पुष्कळ लिहिले गेले. स्वतः बाईंनी मात्र चांगली अंडी, भरपूर लोणी आणि नीट फेटणे यांपलीकडे काही सांगितले नाही. आपल्या स्वयंपाकघरास सोयीची पडते ती पांढरे व पिवळे वेगळे करून फेटण्याची रीत, व तीच येथे दिली आहे.

प्रथम शास्त्र थोडक्यात पाहू. अंड्याच्या पांढऱ्या भागात जवळजवळ नऊ दशांश पाणी व एक दशांश प्रथिने असतात. फेटताना या प्रथिनांच्या घड्या उलगडतात व हवेच्या प्रत्येक बुडबुड्याभोवती त्यांचे एक सूक्ष्म पटल तयार होते. उष्णता लागताच बुडबुड्यांतील हवा प्रसरण पावते, पाण्याची वाफ तीत शिरते व आम्लेट वर येते. त्याच वेळी पटलातील प्रथिने घट्ट होऊन ही रचना तोलून धरतात. पांढरा भाग सुमारे ६२ अंश सेल्सिअसपासून घट्ट होऊ लागतो, बलक त्याहून थोड्या अधिक तापमानाला. जंतूंच्या दृष्टीने निर्धास्त राहावयाचे तर अंडे आतपर्यंत ७१ अंशांना पोचावे लागते. हवा निवली की फुगवटा खाली बसतो. त्यात करणाऱ्याचा काही दोष नसतो. मात्र खाणारा पानावर बसलेला असेल तेव्हाच आम्लेट तव्यावर घालावे.

या फेसाचा खरा शत्रू स्निग्धांश होय. बलकात सुमारे तिसरा हिस्सा स्निग्ध पदार्थ असतो. त्याचा थेंबभर अंश जरी पांढऱ्यात उतरला तरी फेस नीट उभा राहत नाही. आमचा पहिला प्रयत्न येथेच फसला. घरात ताक घुसळण्याची लाकडी रवी होती व फेटण्यास तिच्याइतके योग्य साधन दुसरे नाही, असे वाटले. पंधरा मिनिटे घुसळूनही पांढरे पाणीदारच राहिले. कारण उघड होते. रवीच्या लाकडात वर्षानुवर्षांचे लोणी मुरलेले होते. प्लॅस्टिकच्या भांड्यालाही तेलकटपणा धरून राहतो, म्हणून ते वापरू नये. ॲल्युमिनियमच्या भांड्यात पांढरे करडे पडते. काचेचे अथवा स्टीलचे खोलगट भांडे घ्यावे, ते कढत पाण्याने धुऊन कोरडे करावे व लिंबाची फोड आतून फिरवावी. तारांची फेटणी नसेल तर दोन काटे एकत्र धरून काम भागते. हात दुखतो एवढेच.

आता अंड्यांविषयी. पाण्याने भरलेल्या पातेल्यात अंडे सोडले असता ताजे अंडे तळाशी आडवे पडते, काही दिवसांचे तिरपे होते, जुने उभे राहते आणि जे तरंगते ते टाकून द्यावे. कवचातून पाणी उडून आतील हवेची पोकळी वाढत जाते, हे याचे कारण. कवचावर घाण असल्यास अंडे फोडण्याच्या आधी धुऊन पुसावे; धुऊन साठवून ठेवू नये, कारण ओलाव्याबरोबर जंतू कवचाच्या छिद्रांतून आत शिरतात. अंडी गार असताना बलक टणक राहतो, म्हणून वेगळे करण्याचे काम शीतकपाटातून काढल्याबरोबर करावे व त्यानंतर पांढरे अर्धा तास बाहेर ठेवावे. कोमट पांढऱ्याचा फेस लवकर येतो. प्रत्येक अंडे आधी एका लहान वाटीत फोडावे. एखादे नासके निघाले अथवा बलक फुटला तर नुकसान त्या एका अंड्यापुरते राहते.

एका व्यक्तीसाठी दोन अंडी पुरतात. त्यांतून साधारण १२ ग्रॅम प्रथिने मिळतात. बलकांत चहाचे दोन चमचे दूध, चिमूटभर मीठ व मिरपूड घालून सारखे करावे. मीठ बलकातच घालावे. पांढऱ्यात घातल्यास फेस दुबळा होतो. पांढऱ्यात लिंबाचे चार-पाच थेंब टाकून फेटण्यास आरंभ करावा, सुरुवातीस सावकाश व नंतर जोराने. प्रथम साबणासारखे मोठे बुडबुडे येतात. मग ते बारीक होत जातात, रंग दुधासारखा पांढरा होतो आणि आकारमान सहा ते आठ पट वाढते. फेटणी उचलली असता शिखर उभे राहून त्याचे टोक किंचित वाकले की थांबावे. येथे उत्साहाला आवर घालावा लागतो. त्यापुढे फेटत राहिल्यास फेस कोरडा व गोळागोळा होतो, तळाशी पाणी सुटते आणि मग त्याला सुधारण्याचा उपाय उरत नाही.

या फेसातील एक मोठा चमचा प्रथम बलकात मिसळावा, म्हणजे बलक हलका होतो. मग हा बलक उरलेल्या फेसावर ओतून रुंद चमच्याने तळापासून वर घेत, भांडे फिरवीत, आठ-दहा वेळा वरखाली करावे. ढवळू नये. पांढऱ्याचे पट्टे थोडेफार दिसत राहिले तरी चालतील.

सारण आधीच शिजवून, कोरडे करून, कोमट ठेवलेले असावे. दोन अंड्यांना पोह्याचे तीन चमचे एवढेच प्रमाण घ्यावे. आमच्या दुसऱ्या प्रयत्नात कच्चा टोमॅटो व कोथिंबीर चिरून घातली होती. त्याचे पाणी सुटून आम्लेटाचा अक्षरशः चिखल झाला. कांदा-टोमॅटो हवाच असेल तर तो तेल सुटेपर्यंत परतावा. पालक अथवा मेथी शिजवून, मुठीत पिळून घ्यावी. किसलेले पनीर उत्तम. गोमंतकात सुंगटे मुबलक. हळद-मीठ लावून वाफवलेली व बारीक चिरलेली पाच-सहा सुंगटे ओल्या खोबऱ्याच्या चमच्याभर चुऱ्याबरोबर घातली तर त्यासारखे सारण नाही, असे माझे मत आहे. चोरिस रुचकर खरे, परंतु त्याची चरबी व तिखटपणा दोन्ही या नाजूक पदार्थास झेपत नाहीत. रस-आम्लेटाचे शौकीनही निराश होतील. पणजी, म्हापसा, मडगाव येथील संध्याकाळच्या गाड्यांवर शाकुतीच्या रसात बुडवून पावाबरोबर जे मिळते त्याला पातळ आम्लेटच हवे. फुललेले आम्लेट रसात क्षणात विरघळून जाईल.

जाड बुडाचा, सुमारे २० सेंटिमीटर व्यासाचा व घट्ट झाकणाचा तवा घ्यावा. त्यात पोह्याचा एक चमचा लोणी टाकावे. लोण्याचा फेस शमला की मिश्रण ओतून चमच्याने हलकेच सारखे करावे व आच अगदी मंद करावी. दोन-तीन मिनिटे हात लावू नये. कड सुकलेली दिसली की झाकण ठेवावे. फ्रेंच स्वयंपाकघरात या वेळी तवा भट्टीत सरकवितात. आपल्याकडे झाकणातील वाफ तेच काम करते. झाकणाला आतून फडके बांधल्यास पाण्याचे थेंब आम्लेटावर पडत नाहीत. आणखी तीन-चार मिनिटांनी मध्यभागी चमच्याचे टोक रोवून पाहावे. ओला फेस चिकटून आला तर पुन्हा झाकावे. मधला भाग किंचित प्रवाही ठेवण्याची फ्रेंच पद्धत घरातील आजाऱ्यांसाठी स्वीकारू नये.

शिजल्याची खात्री झाल्यावर मध्यावर सुरीने उथळ रेघ मारावी, म्हणजे दुमडताना आम्लेट फाटत नाही. अर्ध्या भागावर सारण पसरावे, दुसरा अर्धा त्यावर आणावा व तवा तिरका करून आम्लेट गरम केलेल्या बशीत सरकवावे.

वडिलांच्या बालपणी आमच्या घरात अंडे स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडीत नसे. मागील पडवीत वेगळा स्टोव्ह व वेगळा तवा होता, आणि तोही केवळ आजारपणापुरता निघे. हॉटेलातले आम्लेट ते तरुणपणी खात, पण ते घराच्या नियमांबाहेरचे. पालकाचे सारण घातलेले आम्लेट समोर आले तेव्हा प्रथम त्यांनी तवा कोणता वापरला, हे विचारले. मग चमच्याने तोडून एक घास घेतला, कवळी काढून बाजूला ठेवली व बशी पुरी केली. दुसऱ्या दिवशी सारणात मीठ कमी घालावे, अशी सूचना त्यांच्याकडूनच आली. तेव्हापासून आमच्याकडे सारणाचे मीठ वेगळे पडत नाही. बलकातील तेवढेच पुरते.