कॅमेरा आधी की जंगल?

प्रश्न : मी बारावीत आहे. वन्यजीव माहितीपटांचा छायाचित्रकार व्हायचंय. कॅमेरा कोणता घेऊ?

उत्तर : कॅमेऱ्याची घाई नको, तो भाड्यानेही मिळतो. प्राणी पुढच्या क्षणी काय करेल, हे ओळखायला मात्र वर्षं लागतात. २०२३ साली ऑस्कर मिळवणाऱ्या, जेमतेम ४० मिनिटांच्या ‘द एलिफंट व्हिस्परर्स’साठी कार्तिकी गोन्साल्विस मुदुमलाईत सुमारे पाच वर्षं चित्रीकरण करत होत्या. तोवर घर कसं चालणार, हे घरी आत्ताच बोला. लग्नांचं शूटिंग करावं लागलं तर त्यात कमीपणा नाही. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये छायांकन शिकता येतं, पण पदवीनंतर. आणि हो, व्याघ्रप्रकल्पात विनापरवाना ड्रोन उडवू नका. सध्या गावतळ्यावरची टिटवी महिनाभर रोज पहाटे मोबाइलवर टिपा.