भुईमूग पहिल्यांदा करताना

पोरा, यंदा भुईमूग करतोयस, तर चार गोष्टी ध्यानात ठेव.

रान मध्यम, भुसभुशीत आणि निचऱ्याचं घे. काळ्या चिकट रानात पाला माजतो आणि उपटताना शेंगा मातीतच तुटून राहतात. बियाण्याच्या शेंगा पेरणीच्या तोंडावर फोड. तांबडं साल निघालेला दाणा कुटाला चालेल, पेरू नकोस.

फूल वर लागतं, शेंग खाली धरते. फूल सुकलं की त्याच्या बुडातून आरी निघते आणि मातीत शिरते. म्हणून कोळपणी, भांगलण 45 दिवसांच्या आत उरक. पुढं कोळपं घातलंस तर आऱ्या तुटतील. तण दिसलं तर हातानं उपट. जिप्सम हेक्टरी 200 किलो पेरताना आणि 200 किलो आऱ्या सुटताना दे. त्यातलं कॅल्शियम शेंग थेट मातीतून घेते. ते कमी पडलं की शेंगा पोचट राहतात.

पाला पिवळा दिसला म्हणून काढणीला धावू नकोस, टिक्का रोग पडला तरी पाला पिवळा होतो. रानात चार जागची झाडं उपट, शेंगा फोड, टरफलाची आतली बाजू बघ. पांढरी असेल तर थांब. चारातल्या तीन शेंगांत काळसर झाली की माणसं लाव. उपट्या जातीला मग उशीर नको. पाऊस लागला तर दाणे जमिनीतच मोड काढतात.

खरं नुकसान काढणीनंतर होतं. ओल्या शेंगांचा ढीग घालू नकोस. पातळ पसर, वर-खाली कर, रात्री झाक. वाळलेली शेंग कानाशी हलवली की दाणा खुळखुळतो. ओल 8 टक्क्यांवर आल्याशिवाय पोती भरू नकोस. ओलीत बुरशी धरते, तिचं अफ्लाटॉक्सिन हे विष दाणे भाजूनही पुरतं जात नाही. पोती फळ्यांवर ठेव, भिंतीला टेकवू नकोस. निरोगी पाला वाळवून वैरणीला ठेव.

आडतीवर जाण्याआधी माती आणि पोचट शेंगा उफणून काढ. मग घरीच किलोभर शेंगा फोडून दाणे तोल. 700 ग्रॅमच्या आसपास भरले तर उतारा चांगला आहे, भावाला अडून बस. व्यापारीही मूठभर शेंगा फोडूनच बोली लावतो, तेव्हा तुझा आकडा तुला आधी ठाऊक हवा.

ओला माल काट्यावर जड भरतो खरा, पण व्यापारी भावात कापून घेतो आणि पुढच्या खेपेला तुझ्या पोत्याकडं बघत नाही. वाळल्याशिवाय विकू नकोस.