पाहुण्याला गुळाची चव कशी दाखवावी? मेस्कालच्या गावाकडून यवतच्या गुऱ्हाळाकडे

पुणे-सोलापूर रस्त्याने यवतजवळ आले की चुलाणाचा धूर आणि उकळत्या रसाचा वास प्रवाशाला गाठतोच. मुठा उजव्या कालव्याच्या पाण्यावर या पट्ट्यात ऊस उभा राहिला आणि उसामागोमाग यवत, केडगाव, पाटस भागात गुऱ्हाळे आली. माळशिरसच्या डोंगरावरील भुलेश्वरला जाणारी वाहनेही यवतवरूनच वळतात. त्यातील काही गुऱ्हाळासमोर थांबतात, पेलाभर रस पितात, किलो-दोन किलो गूळ घेतात आणि निघून जातात. घेतात तो बहुधा पिवळाधमक. शेजारी तांबूस, रसायनविरहित ढेप ठेवलेली असते, तिच्याकडे बोट दाखवून "हा असा काळा का?" एवढेच विचारतात.

या प्रश्नाचे उत्तर नुसते तोंडी देऊन भागत नाही, असा आमचा अनुभव आहे. ते पाहुण्याच्या जिभेवर ठेवावे लागते. जगात इतर ठिकाणच्या उत्पादकांनी हे कसे केले ते पाहिल्यास आपल्याला बरेच घेण्यासारखे आहे. त्यासाठी आपल्या बांधावरच्याच एका वनस्पतीपासून सुरुवात करू.

घायपात सर्वांच्या परिचयाचे आहे. कोणी त्याला केकताड म्हणतात. रेल्वेच्या कडेने, ओढ्याच्या काठाने, बांधावर कुंपण म्हणून ते लावले जाते. पूर्वी त्याच्या वाखाचे दोर वळले जात. हे झाड मूळचे अमेरिका खंडातील, विशेषतः मेक्सिकोचे. अनेक वर्षे ते नुसती पाने वाढविते, मग एकदाच उंच दांडा काढते, फुलते आणि मरते. इतकी वर्षे साठविलेली सगळी साखर त्या दांड्यासाठी असते. मेक्सिकोतील शेतकरी नेमका हा दांडा वर येऊ देत नाही. दांडा छाटला की साखर बुडातील गड्ड्यात राहते. पाने तासून काढलेला हा गड्डा अननसासारखा दिसतो आणि त्यापासूनच तेथील मेस्काल व टकीला ही मद्ये होतात. टकीलासाठी निळ्या घायपाताची एकच जात चालते. मेस्काल मात्र अनेक जातींपासून होते. ओआहाका प्रांतात त्यासाठी मुख्यत्वे लागवडीची एस्पादिन ही जात वापरतात. तिला तयार व्हायला साधारण ६ ते १० वर्षे लागतात, तर काही रानटी जातींना याहूनही अधिक.

ओआहाकातील पारंपरिक भट्टीवर गड्डे जमिनीतील खड्ड्यात तापलेल्या दगडांवर रचून मातीने झाकतात व काही दिवस भाजतात. त्यामुळे धुराचा वास लागतो आणि न आंबणाऱ्या साखरेची आंबणारी साखर होते. मग घोड्याने ओढलेल्या दगडी चाकाखाली गड्डे चिरडतात, लाकडी पिंपात आंबवितात आणि तांब्याच्या किंवा मातीच्या भांड्यात ऊर्ध्वपातन करतात. आपल्या जुन्या बैलाच्या चरकाची आठवण व्हावी असेच हे काम आहे. शेवटी जाणता कारागीर बोरूच्या नळीने थोडे मद्य ओढून भोपळ्यासारख्या फळाच्या वाळलेल्या वाटीत सोडतो आणि त्यावर उठणारे बुडबुडे पाहून त्याचा कस सांगतो. आपला गुळव्या थंड पाण्यात पाक टाकून गोळी पाहतो, तिची ती बहीणच.

आता आपल्या कामाचा भाग. तेथे येणाऱ्या प्रवाशाला आधी माल दाखवीत नाहीत. त्याला खड्डा, दगडी चाक व पिंपे दाखवितात आणि कापलेल्या गड्ड्याचा भाजलेला तुकडा चाखायला देतात. त्यानंतर घोट-घोट मद्य देतात. एका जातीचे, मग दुसऱ्या जातीचे, मध्ये संत्र्याची फोड. कोणत्या गावचे, कोणत्या जातीचे, कोणी केले हे सांगतात आणि तेच बाटलीवर छापलेले असते. मेस्कालला १९९४ साली उगमस्थानाचे कायदेशीर संरक्षण मिळाले. टकीलाला ते १९७४ पासूनच होते. टकीला परिसरातील निळ्या घायपाताच्या शेतांना २००६ मध्ये जागतिक वारशाचा दर्जाही मिळाला. या यशाची दुसरी बाजूही ध्यानात घ्यावी. मागणी वाढताच रानटी जाती ओरबाडल्या गेल्या. फुलण्याआधीच झाड तोडल्याने बी धरत नाही, हे नुकसान भरून यायला कित्येक वर्षे लागतात.

येथे एक गोष्ट स्पष्ट करणे भाग आहे. घायपातापासून मद्य करण्याचा उद्योग भारतातही सुरू झाला आहे. आंध्र प्रदेशातील चित्तूर जिल्ह्यात एका कंपनीने २०११ च्या सुमारास तो उभा केला, मात्र रीतसर परवान्यावर. परवान्याशिवाय घरी किंवा शेतावर मद्य गाळणे महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्याने गुन्हा आहे. कच्च्या घायपाताचा रस अंगाला लागल्यास खाज सुटते, तो चाखूही नये. आपल्याला त्यांचे मद्य उचलायचे नसून पाहुण्याला शिकविण्याची रीत उचलायची आहे. नाशिकच्या द्राक्ष बागायतदारांच्या परिसरात ही रीत २००५ पासून रुजली. तेथील वायनरीत चव घेण्यासाठी खास दालन झाले. आपल्या दौंड तालुक्यात रोटी येथेही वायनरी उभी राहिली आणि पाहुण्यांना वाइन चाखविण्याचे काम तेथे झाले. गुळासाठी असे दालन लागत नाही. गुऱ्हाळ हेच दालन.

प्रत्यक्ष कसे करावे

एका वेळी आठ-दहा माणसांहून अधिक घेऊ नयेत. पाहुण्यांना काहिलीपासून किमान दोन हात दूर उभे करावे, मुलांसाठी दोरी बांधावी. उकळत्या पाकाचा चटका तेलापेक्षा वाईट, कारण तो कातडीला चिकटून राहतो.

आम्ही पहिल्यांदा काही पाहुण्यांना एका गुऱ्हाळावर नेले तेव्हा मोठी चूक केली. वाफ्यातून निघालेला गरम गूळ तीन प्रकारचा, एकामागोमाग हातावर ठेवला. सर्वांची तोंडे भाजली आणि तिन्ही गूळ "छान, गोड" ठरले. तेव्हापासून गूळ पूर्ण निवल्यावरच द्यावा, असे आम्ही सांगतो. फार गरम वा फार गोड जिभेला फरक कळत नाही. प्रत्येकी सुपारीएवढा खडा पुरे. मध्ये साधे पाणी आणि चिमूटभर चुरमुरे किंवा ज्वारीच्या भाकरीचा कोर द्यावा.

क्रम हलक्याकडून जडाकडे ठेवावा. आधी ताजा रस, मग काकवी, मग या हंगामाचा गूळ आणि शेवटी मागच्या वर्षीचा जुना. काकवी १०५-१०६ अंश सेल्सिअसला उतरवितात, तर ढेपेचा गूळ ११६-११८ अंशांना. या दहा अंशांत चव कशी बदलते ते पाहुण्याला सांगावे. गुळव्याने पाण्यात गोळी पाहिली की तीच गोळी पाहुण्याच्या हातात द्यावी. ही गोष्ट माणूस घरी जाऊन सांगतो.

खडा तोंडात टाकल्यावर लगेच चावू नये, विरघळू द्यावा. दाणा जाणवतो का, मागे खारट लागते का, जिभेच्या मुळाशी कडवटपणा येतो का, हे विचारावे. या प्रत्येकाचे कारण शेतात किंवा चुलाणावर असते आणि ते सांगताना लपवू नये. चोपण-क्षारपड जमिनीचा किंवा मचूळ पाण्यावरचा ऊस खारट गूळ देतो. उशिरा व जास्त युरिया दिला की गूळ मऊ, गडद होतो आणि लवकर पाणी सुटते. तोडून दोन-दोन दिवस पडलेल्या उसाचा रस आंबटसर होतो, दाणा बसत नाही. म्हणून तोडलेला ऊस शक्यतो १२ तासांच्या आत गाळावा. कडवटपणा बहुतेक वेळा काहिलीच्या बुडाला लागलेल्या पाकाचा. चिपाडाबरोबर प्लास्टिक वा रबराचा कचरा जाळण्याची काही ठिकाणची वाईट सवय तर नाकालाच कळते. असे जळण वापरणाऱ्याने पाहुणे बोलावूच नयेत, आधी ते बंद करावे.

आता पिवळ्या गुळाविषयी. रंग उजळण्यासाठी हायड्रॉस पावडर, म्हणजे सोडियम हायड्रोसल्फाइट, टाकतात. त्यातून गुळात गंधकाचा अंश राहतो. अन्न सुरक्षा नियमांनुसार गुळात सल्फर डायऑक्साइडचे प्रमाण दर किलोस ७० मिलिग्रॅमच्या वर जाता कामा नये. शिवाय हा पिवळेपणा टिकत नाही, काही आठवड्यांत ढेप पुन्हा काळवंडते. रानभेंडीच्या खोडाचा चिकट रस घालून मळी नीट काढली तर रंग तांबूस-सोनेरी राहतो आणि चवही भरते. दोन्ही खडे शेजारी ठेवून पाहुण्याला आपणच निवडू द्यावे. स्वस्त साखर मिसळलेला गूळ सरळ एकाच चवीने गोड लागतो, मागे काही उरत नाही. मात्र चवीवरून भेसळ सिद्ध होत नाही, ती प्रयोगशाळेतच तपासावी लागते. त्यामुळे पाहुण्यासमोर शेजारच्या गुऱ्हाळाचे नाव घेऊन बोलू नये.

"आमचा गूळ मधुमेहाला चालतो" असे वाक्य तर चुकूनही उच्चारू नये. ते खरे नाही. त्यावर विश्वास ठेवणाऱ्या माणसाच्या जिवाशी खेळ होतो.

ढेपेच्या वेष्टनावर गावाचे नाव, उसाची जात, गाळपाची तारीख आणि वापरलेला निवळक छापावा. को ८६०३२ चा गूळ आणि दुसऱ्या जातीचा गूळ वेगळ्या काहिलीत करून वेगळा ठेवला, तर चाखायला देण्यासारखे आपल्याजवळ आपोआप दोन नमुने तयार होतात. कोल्हापूरच्या गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. दौंडकडच्या गुळाची ओळख मात्र अद्याप आडत्याच्या वहीतच अडकली आहे. विक्रीआधी अन्न सुरक्षेची नोंदणी करून घ्यावी. पाहुण्यांना मुक्कामी ठेवायचे असल्यास राज्याच्या २०२० च्या कृषी पर्यटन धोरणाखाली नोंदणीचा विचार करावा.

चवीचे पैसे वेगळे घ्यावेत का, असे अनेकजण विचारतात. आमच्या मते थोडे का होईना घ्यावेत. फुकट दिलेला खडा पाहुणा बोलत-बोलत गिळतो, पैसे देऊन घेतलेला जिभेवर धरून ठेवतो. घेतलेली रक्कम गूळ खरेदीत वजा करून द्यावी.

आषाढी वारीत तुकोबांची पालखी यवतला मुक्कामी असते आणि पिठलं-भाकरीच्या पंगती उठतात. त्या दिवसांत नवा गूळ नसतो, हवा दमट असते आणि ढेपेला पाणी सुटते. या काळासाठी उन्हाळ्यातच चांगल्या, कोरड्या, दाणेदार ढेपा निवडून जाड प्लास्टिकच्या पिशवीत हवाबंद कराव्यात आणि जमिनीपासून उंच फळीवर ठेवाव्यात. वारकऱ्याच्या हातावर भाकरीबरोबर जो खडा पडेल तो जुना असला तरी चालेल, ओला मात्र नसावा.