दिवस मोजायला शीक

कोल्हापूर

चि. बाळू यास अनेक आशीर्वाद.

काल तुझ्या आईचा फोन आला. बँकेची नोटीस आल्यापासून तू धड जेवत नाहीस, आणि हायकोर्टातून स्टे आणायचं तुझ्या डोक्यात बसलंय, असं म्हणाली. फोनवरचं बोलणं राहत नाही, कागद पुन्हा वाचता येतो, म्हणून लिहितोय.

नोटीस आली म्हणजे बँकेकडे तारण असलेले तुझे माग गेले असं समजू नकोस. हप्ते ९० दिवसांवर थकले की खातं एनपीए, म्हणजे अनुत्पादक ठरतं. मग २००२ च्या सरफेसी कायद्याच्या कलम १३(२) खाली बँक ६० दिवसांची मुदत देते. त्यातले अकरा दिवस तू काळजीत घालवलेस. आता हरकत लिहायला बस. व्याज जादा लावलं असेल, भरलेला हप्ता जमा दिसत नसेल, तर तारखेनिशी लिही आणि पोच घे. हरकत मान्य नसेल तर बँकेनं १५ दिवसांत कारणांसह कळवावं लागतं. तोवर माग परस्पर विकायचा विचारही करू नकोस. बँकेच्या लेखी संमतीशिवाय कायदा ते करू देत नाही.

आपली बँक सहकारी आहे, तिला हा कायदा लागू होत नाही, असं गावात कुणी सांगेल. आपल्या मुरगूडच्या सहकारी बँकेच्याच प्रकरणात २०२० साली सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं तो प्रश्न निकाली काढला. कायदा लागू होतो.

बँकेनं ताब्याची नोटीस दारावर लावली, तर त्याविरुद्ध ४५ दिवसांत पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत अर्ज करायचा. पूर्वी या पायरीवरच मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरावी लागे. २००४ साली मर्दिया केमिकल्सच्या निकालात सुप्रीम कोर्टानं ती अट रद्द केली. पण डीआरटीत हरलास आणि अपिलात गेलास, तर ५० टक्के भरावे लागतात. फार तर २५ टक्क्यांपर्यंत सूट मिळते. म्हणून सगळी ताकद पहिल्याच पायरीवर लाव. हायकोर्टाचं म्हणशील, तर डीआरटीचा मार्ग मोकळा असताना अशा रिट याचिका सहसा ऐकू नयेत, असं सुप्रीम कोर्टानं २०१० मध्येच बजावलंय.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. माझा छापखाना असाच गेला. ताब्याची नोटीस लागल्यावर मी दिवाणी दावा टाकला आणि मनाई हुकमाची वाट पाहत बसलो. या बाबतीत दिवाणी कोर्टाला अधिकारच नाही, हे कळेपर्यंत ४५ दिवस उलटून गेले होते. बँकेच्या हिशेबातली चूक माझ्या हातात होती, पण ती दाखवायची वेळ मी घालवली.

आणखी एक. स्टे मिळाला तरी व्याज चढतच राहतं. बँकेची चूक दाखवून मुदत मिळेल, पण घेतलेली मुद्दल फिटणार नाही. म्हणून कोर्टाची तयारी आणि पैशाची जुळवाजुळव बरोबरीनं चालू ठेव. एकरकमी तडजोडीचा अर्ज आजच दे. ती हक्कानं मागता येत नाही, म्हणून झेपेल तेवढाच आकडा लिही आणि तो पाळ. लिलावाच्या दिवशी पैसे आणून मालमत्ता सोडवू, या भरवशावर तर मुळीच राहू नकोस. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाली की तो हक्क संपतो. २०२३ साली सुप्रीम कोर्टानंही तेच सांगितलं.

रविवारी सकाळच्या एसटीनं ये. मंजुरीपत्र, खातेउतारा, हप्त्यांच्या पावत्या, नोटीस आणि ती ज्या पाकिटातून आली ते पाकीटही आण. त्यावर टपालाचा शिक्का असतो. आपण दोघं बसून एकेक तारीख लावू. वकिलाकडे सोमवारी जाऊ.

आणि आज रात्री आईसोबत बसून जेव. उरलेले एकोणपन्नास दिवस उपाशीपोटी मोजता येणार नाहीत.

तुझा,
काका